'किती आलं?' : शब्द फिरवण्याच्या प्रश्नाचा आढावा

मराठवाड्यात 'किती आलं?' हा प्रश्न सोयाबीनच्या उताऱ्याबद्दल विचारतात, बारावीच्या निकालाबद्दल विचारतात, तापाबद्दलही विचारतात. गेल्या काही वर्षांत त्यात आणखी एका आकड्याची भर पडली आहे. नांदेडच्या विष्णुपुरी परिसरात किंवा लातूरच्या एखाद्या महाविद्यालयाच्या स्टाफरूममध्ये पीएच.डी. करणाऱ्या प्राध्यापकाला सहकारी हा प्रश्न करतो, तेव्हा तो प्रबंधातल्या साम्याची टक्केवारी विचारत असतो. दहाच्या आत आलं तर सुटला. वर गेलं तर पुन्हा संगणकासमोर बसायचं आणि शब्द फिरवायचे. 'इम्पॉर्टंट'च्या जागी 'सिग्निफिकंट', 'शोज'च्या जागी 'डेमॉन्स्ट्रेट्स', कर्तरी वाक्य असेल तर त्याचं कर्मणी. मजकूर कशाबद्दल आहे, हे यात कोणी फारसं बघत नाही.

इंग्रजी अभ्याससामग्रीतले शब्द बदलून ती नव्याने मांडण्याचं हे काम केवळ प्रबंधापुरतं नाही. वर्गातल्या नोट्स, बाजारातली गाइडं, शिकवणीचे मॉड्यूल, पदव्युत्तर प्रकल्प, शोधनिबंध अशी त्याची रांग आहे. कोणी त्याला वाङ्मयचौर्य म्हणतं, कोणी रीतसर धंदा, कोणी शिकण्याची पायरी, तर कोणी यंत्राला दिलेला चकवा. यातल्या प्रत्येकाच्या पदरात थोडं सत्य आहे. म्हणून हा वाद आज कुठे येऊन थांबला आहे ते पाहू.

उशिरा आलेली इंग्रजी

या भागातल्या उच्च शिक्षणाचा इतिहास उर्वरित महाराष्ट्रासारखा नाही. मुंबई-पुण्यात इंग्रजीतून महाविद्यालयं चालत होती, तेव्हा मराठवाडा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. तिथे १९१८ मध्ये उस्मानिया विद्यापीठ सुरू झालं, तेच उर्दू माध्यमातून. त्यासाठी आधी भाषांतराचं एक स्वतंत्र खातं, दारुल तर्जुमा, उघडण्यात आलं. इंग्रजी पाठ्यपुस्तकं उर्दूत आणायची आणि त्यासाठी अरबी-फारसीच्या आधाराने परिभाषा घडवायची, हे त्याचं काम. म्हणजे इंग्रजी ज्ञान दुसऱ्या शब्दांत सांगण्याचा मोठा सरकारी उद्योग या प्रदेशाने शंभर वर्षांपूर्वीच पाहिला आहे. फरक इतकाच की तिथे भाषा बदलत होती आणि अनुवादकाचं काम अनुवाद म्हणूनच ओळखलं जात होतं.

१७ सप्टेंबर १९४८ ला संस्थान भारतात आलं, १९५६ मध्ये मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात गेला, १९५८ मध्ये औरंगाबादला मराठवाडा विद्यापीठ झालं. त्यातून वेगळं होऊन १९९४ मध्ये नांदेडला स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ उभं राहिलं. नांदेड, लातूर, परभणी आणि पुढे परभणीतून वेगळा झालेला हिंगोली हे जिल्हे त्याच्याकडे आले. इथल्या घरांतली भाषा देगलूर-बिलोलीकडे तेलुगू, उदगीर-देवणीकडे कन्नड, तांड्यावर गोरमाटी, नांदेड शहरात उर्दू आणि पंजाबीसुद्धा. अशा घरातल्या मुलाला शाळेत मराठी किंवा उर्दू, मग हिंदी, आणि इंग्रजी ही तिसरी-चौथी भाषा. राज्यात पहिलीपासून इंग्रजी आली ती २००० मध्ये. त्याआधी शिकलेली पिढी पाचवीला इंग्रजीची मुळाक्षरं गिरवत होती, आणि आज तीच पिढी प्रबंधांची मार्गदर्शक आहे.

नांदेडच्या विद्यापीठाचे पहिले कुलगुरू जनार्दन वाघमारे हे इंग्रजीचे अभ्यासक. लातूरच्या राजर्षी शाहू महाविद्यालयाचे ते प्राचार्य होते आणि 'लातूर पॅटर्न'च्या जडणघडणीशी त्यांचं नाव जोडलेलं आहे. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचं साहित्य त्यांनी इंग्रजीतून वाचलं आणि मराठीत मांडलं. परक्या भाषेत वाचून आपल्या भाषेत लिहिण्याचा हा रस्ता या भागाला नवा नाही. पुढे त्यावरची वर्दळ कमी का झाली, हा प्रश्न आढाव्यात पुन्हा येईल.

लातूर पॅटर्नची खूण म्हणजे जादा तास आणि सराव परीक्षांवर सराव परीक्षा. वैद्यकीय प्रवेशाच्या स्पर्धेत लातूर आणि नांदेड ही दोन्ही शहरं शिकवणीची मोठी केंद्रं झाली. 'नीट'मधलं जीवशास्त्र एनसीईआरटीच्या पुस्तकाच्या ओळीवर चालतं, हे तिथल्या मुलाला पहिल्या आठवड्यातच कळतं. तिथे प्रतिशब्द म्हणजे तोटा. पुस्तकात जो शब्द आहे तोच पर्यायात येणार, म्हणून ओळ न ओळ इंग्रजीत पाठ. सतराव्या वर्षी ज्याला 'शब्दही हलवू नको' असं बजावलं, त्यालाच पंचविसाव्या वर्षी 'एकही ओळ तशीच ठेवू नको' असं सांगितलं जातं. मधल्या आठ वर्षांत त्याला वाचलेलं स्वतः मांडायला कोणी शिकवलं, याचं उत्तर बहुतेक वेळा 'कोणीच नाही' असं येतं. शाळेच्या प्रश्नपत्रिकेत 'आपल्या शब्दांत लिहा' अशी सूचना जरूर असते. पण 'आपले' शब्द बहुधा गाइडातले असतात आणि ते तपासणाऱ्यालाही ठाऊक असतं.

आकड्याचा जन्म

दहा टक्क्यांपर्यंतची वाट लांबची आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाने २००९ च्या नियमांत प्रबंधाची इलेक्ट्रॉनिक प्रत सक्तीची केली आणि गांधीनगरच्या इन्फ्लिबनेटचं 'शोधगंगा' हे प्रबंधांचं भांडार भरू लागलं. कपाटात धूळ खाणारा प्रबंध एकदम कोणालाही उघडता आला. २०१० मध्ये प्राध्यापकांच्या बढतीला एपीआय म्हणजे गुणांक जोडले गेले आणि छापील निबंधाला भाव आला. निबंध हवेत म्हणून नियतकालिकं निघाली. पैसे घेऊन चार दिवसांत छापणारीही निघाली. पुण्यातल्या सावित्रीबाई फुले विद्यापीठातल्या अभ्यासकांनी २०१८ मध्ये आयोगाच्या मान्यताप्राप्त यादीची चिकित्सा 'करंट सायन्स'मध्ये प्रसिद्ध केली. विद्यापीठांनी सुचवलेल्या आणि त्यांनी तपासलेल्या १,००९ नियतकालिकांपैकी सुमारे ८८ टक्के निकषांत बसत नव्हती. त्याच वर्षी आयोगाने यादीतून ४,३०५ नावं काढली. मग 'यूजीसी-केअर' यादी आली, आणि २०२५ मध्ये तीही बंद झाल्याचं जाहीर झालं.

या धावपळीच्या मध्येच जुलै २०१८ मध्ये वाङ्मयचौर्य रोखण्याचे नियम अधिसूचित झाले. त्यातली पायरी आता पाठ झाल्यासारखी आहे. दहा टक्क्यांपर्यंत साम्य असेल तर शिक्षा नाही. दहा ते चाळीस असेल तर सहा महिन्यांच्या आत सुधारून द्यायचं. चाळीस ते साठ असेल तर वर्षभर प्रबंध सादर करता येत नाही. साठच्या वर नोंदणीच रद्द. २०१९ मध्ये 'शोधशुद्धी' उपक्रमातून विद्यापीठांना तपासणीचं सॉफ्टवेअर मिळू लागलं. आधी उरकुंड, पुढे ड्रिलबिट.

या नियमांत तीन गोष्टी बारकाईने वाचण्यासारख्या आहेत. एक, वाङ्मयचौर्याची व्याख्या दुसऱ्याचं काम किंवा कल्पना आपली म्हणून दाखवणं अशी आहे. 'कल्पना' हा शब्द तिथे स्पष्ट आहे. दोन, सारांश, गृहीतक, निरीक्षणं, निष्कर्ष या गाभ्याच्या भागात साम्यच नको असं म्हणताना सर्वज्ञात गोष्टी किंवा योगायोगाने जुळलेल्या सलग चौदा शब्दांपर्यंतची सूट आहे. तीन, गृहपाठ, प्रकल्प अहवाल, सत्रनिबंध आणि उत्तरपत्रिका या नियमांच्या कक्षेबाहेर ठेवल्या आहेत.

वादाची बहुतेक मुळं या तीन वाक्यांतच आहेत. व्याख्या कल्पनेची, मोजणी शब्दांची. आणि जिथे ही सवय लागते, ती जागा नियमाच्या बाहेर. यंत्र शेजारी शेजारी आलेले शब्द जुळवतं. प्रत्येक पाचव्या-सहाव्या शब्दाला प्रतिशब्द लावला की साखळी तुटते आणि आकडा खाली येतो. कल्पना जागची हललेली नसते. शब्द फिरवणारा माणूस नियम मोडत असतो आणि आकडा पाळत असतो.

पोटखराब्याचा उदरविकार

प्रतिशब्दांच्या मागे लागल्यावर भाषेचं काय होतं याचे नमुने जगभर जमा झालेत. इंग्रजीत रॉजेटचा थिसॉरस १८५२ मध्ये निघाला, लेखकाला नेमका शब्द सापडावा म्हणून. २०१४ च्या सुमारास लंडनच्या मिडलसेक्स विद्यापीठातले शिक्षक ख्रिस सॅडलर यांना विद्यार्थ्यांच्या लेखनात विचित्र शब्द दिसू लागले. 'लेफ्ट बिहाइंड' म्हणजे मागे पडलेले, याचं कोणीतरी 'सिनिस्टर बटक्स' करून ठेवलं होतं. 'लेफ्ट'चा लॅटिन अर्थ धरला आणि 'बिहाइंड'चा शारीरिक. या प्रकाराला त्यांनी 'रॉजेटिंग' असं नाव दिलं.

२०२१ मध्ये गियोम काबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मागाझिनोव्ह यांनी छापून आलेल्या शोधनिबंधांतून असे शब्दसमूह वेचून काढले आणि त्यांना 'छळ झालेले शब्दप्रयोग' अशा अर्थाचं नाव दिलं. 'आर्टिफिशियल इंटेलिजन्स'चं 'काउंटरफिट कॉन्शसनेस' झालं होतं, म्हणजे बनावट शुद्ध. 'बिग डेटा'चं 'कलोसल इन्फर्मेशन', स्तनांच्या कर्करोगाचं 'बूझम पेरिल', म्हणजे छातीचं संकट. हे सगळं नामांकित प्रकाशनांतल्या निबंधांत होतं, संपादकांच्या आणि परीक्षकांच्या नजरेखालून गेलेलं. त्यातून दोन गोष्टी कळतात. लिहिणाऱ्याने शब्द यंत्राने बदलून घेतले, आणि तपासणाऱ्याने निबंध वाचला नाही.

इंग्रजी परकी असल्यामुळे या चुकांचं गांभीर्य आपल्या कानाला चटकन जाणवत नाही. म्हणून तोच खेळ मराठीत खेळून पाहावा. तलाठ्याच्या दप्तरातला 'पोटखराबा' म्हणजे गटातली लागवडीला नालायक जमीन. प्रतिशब्द लावा, 'उदरविकार' होईल. 'कोरडवाहू'चं 'शुष्कवाहक' होईल. 'सातबारा'ची बेरीज करून 'एकोणीस' म्हणायला कोणाची हरकत? लातूरच्या आडत बाजारात असं बोलणाऱ्याला लोक पाणी पाजतील आणि घरी पाठवतील. पण इंग्रजी प्रबंधात 'रेनफेड'चं तसंच काही झालं तर ते वाचून कोणी हसत नाही.

इथे परिभाषेचा मुद्दा येतो. महाराष्ट्राच्या भाषा संचालनालयाने १९६० पासून, केंद्राच्या शब्दावली आयोगाने त्यानंतर वर्षभराने, शास्त्रांच्या संज्ञा ठरवण्याचं काम सुरू केलं. त्यामागचं तत्त्व एका अर्थाला एक शब्द हे होतं. संज्ञेला प्रतिशब्द नसतो, नसावा. म्हणून विज्ञानातले अध्यापक तक्रार करतात की पद्धतीचं वर्णन किती प्रकारे लिहायचं? अमुक तापमानाला अमुक मिनिटं नमुना तापवला, हे वाक्य शंभर प्रबंधांत सारखंच असणार. ते मोडायला लावलं तर अचूकपणा जातो. नियमात सामान्य संज्ञा, कायदे, प्रमाण समीकरणं वगळायची सोय आहे. ती वापरायची तर कोणीतरी अहवाल उघडून ओळीओळीने पाहिला पाहिजे. शेवटच्या आकड्यावर सही करणं सोपं पडतं.

चोरी, कारागिरी की पायरी

शब्द बदलणं ही चोरी आहे, असं मानणाऱ्यांची बाजू जुनी आहे. किती जुनी, हे पाहायला युरोपात जावं लागत नाही. दहाव्या शतकाच्या आगेमागे होऊन गेलेला राजशेखर, ज्याच्या पणजोबाला महाराष्ट्राचा चूडामणी म्हटलं जाई, त्याने 'काव्यमीमांसे'त उचलेगिरीवर काही अध्याय खर्च केले. शब्दांचं हरण वेगळं, अर्थाचं हरण वेगळं, अशी त्याची मांडणी. अर्थ सगळा तोच आणि फक्त वाक्याची घडण निराळी, याला त्याने 'प्रतिबिंबकल्प' म्हटलं, आरशातल्या प्रतिमेसारखं, आणि कवीने ते टाळावं असं ठरवलं. त्याच्याआधी आनंदवर्धनानेही 'ध्वन्यालोका'त प्रतिबिंबासारखं साम्य त्याज्य मानलं होतं. पण राजशेखर तिथे थांबत नाही. चित्रासारखं साम्य, म्हणजे वस्तू तीच पण थोड्या संस्काराने वेगळी भासणारी, आणि त्यापुढचे प्रकार त्याला चालतात. घेण्याला पायऱ्या आहेत आणि त्या वाचणाऱ्याने ओळखायच्या आहेत, असा त्याचा रोख. टक्केवारी त्याला सुचली नाही.

दुसरी बाजू शिकवणाऱ्यांची. अमेरिकेतल्या रिबेका मूर हॉवर्ड यांनी १९९० च्या दशकात मूळ वाक्यातले काही शब्द गाळून, काही बदलून लिहिण्याला 'पॅचरायटिंग' असं नाव दिलं. मराठीत ठिगळलेखन म्हणावं. ही सरसकट बेइमानी नसून नवख्याची धडपड असते, असं त्यांचं म्हणणं. ज्या विषयाची भाषा अजून तोंडात बसली नाही, तिथे माणूस दुसऱ्याच्या वाक्याला धरून चालतो. वाकळ शिवणारी बाई जुन्या लुगड्याच्या पट्ट्या वापरते, त्यातूनच तिचा हात बसतो. किनवटच्या तांड्यावरून आलेली मुलगी इंग्रजीत अर्थशास्त्राचा प्रकल्प लिहिते तेव्हा तिचे 'आपले शब्द' गोरमाटीत असतात. इंग्रजीत तिच्याजवळ पुस्तकातलेच शब्द आहेत, आणखी कुठून आणणार? या बाजूवरचा आक्षेपही रास्त आहे. प्रकल्पात पायरी म्हणून चालेल, पण पीएच.डी.ला आणि बढतीच्या निबंधात तीच पायरी कशी चालवून घ्यायची? पन्नाशीतला प्राध्यापक नवखा म्हणवून घेऊ शकत नाही.

तिसरी बाजू बाजाराची आणि तिला कायद्याचा आधार आहे. १९५७ चा कॉपीराइट कायदा कल्पनेला संरक्षण देत नाही, तिच्या मांडणीला देतो. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये आर. जी. आनंद खटल्यात, नाटक आणि 'न्यू दिल्ली' चित्रपट यांच्या वादात, हीच रेघ आखली. २००७ च्या ईस्टर्न बुक कंपनी खटल्यात नुसते कष्ट पुरेसे नाहीत, थोडं तरी कौशल्य आणि विवेक हवा, असं सांगितलं. गाइडांबाबत दिल्ली उच्च न्यायालयाने २००८ मध्ये गणिताच्या पाठ्यपुस्तकातल्या उदाहरणांची पायरीपायरीने उत्तरं देणाऱ्या पुस्तकाला मोकळीक दिली, कारण त्याने मुळात नसलेलं काहीतरी दिलं होतं. याचा अर्थ स्टॉलवरचं प्रत्येक गाइड निर्दोष असा होत नाही. केवळ प्रतिशब्द बसवलेला परिच्छेद मांडणीची नक्कल ठरू शकतो. पण कायद्याची आणि विद्यापीठाची फूटपट्टी वेगळी आहे, हे इथे लक्षात यावं. कायद्यात कल्पना घेणं मोकळं आणि मांडणी घेणं गुन्हा. आयोगाच्या व्याख्येत कल्पना घेणंसुद्धा चौर्य. आणि सॉफ्टवेअर तिसरंच काही मोजतं.

मराठीतून गेलं तर

इंग्रजीत लिहायचं म्हणूनच ही कसरत, मग मराठीत लिहा, असंही एक मत आहे. वाघमारे यांच्या पिढीने ते करून दाखवलं. पण ही वाटही निर्धोक नाही. इंग्रजी पुस्तकातला परिच्छेद मराठीत आणला तर शब्द जुळवणाऱ्या यंत्राला तो सहसा सापडत नाही. तो शब्द बदलण्याचा सर्वांत निर्वेध प्रकार ठरतो. शिवाय युनिकोड रुळण्याआधीचे कितीतरी मराठी प्रबंध जुन्या फॉन्टांत टाइप झालेत. पडद्यावर ती मराठी दिसते, यंत्राला मात्र इंग्रजी अक्षरांचा गोंधळ. त्या प्रबंधांतून कोणी उचललं तर आकडा शून्याजवळ येतो. बढतीच्या हिशेबात मराठी निबंधाची किंमत काय, हा वाद तर वेगळाच.

दोन्हीकडून कात्री

नोव्हेंबर २०२२ मध्ये चॅटजीपीटी आलं आणि शब्द बदलून देणाऱ्या साधनांची गंमत जवळजवळ संपली. आता वाक्यच नवं मिळतं, 'बूझम पेरिल' होत नाही. साम्याचा आकडा मुकाट खाली येतो. म्हणून यंत्राने लिहिलेलं ओळखणारी यंत्रं आली. स्टॅनफर्डच्या संशोधकांनी २०२३ मध्ये अशी सात यंत्रं तपासली. इंग्रजी मातृभाषा नसलेल्यांनी टोफेल परीक्षेत स्वतः लिहिलेले ९१ निबंध त्यांना दिले. सरासरीने निम्म्याहून अधिक निबंध यंत्राचे म्हणून ठरवले गेले. कारण साधं होतं. मोजक्या, ओळखीच्या शब्दांत लिहिलेलं गद्य यंत्राला यंत्रासारखं वाटतं. त्याच निबंधांतले शब्द चॅटजीपीटीकडून भारदस्त करून घेतल्यावर संशय कमी झाला.

म्हणजे नांदेडच्या विद्यार्थ्याने साधं इंग्रजी स्वतः लिहिलं तर एक यंत्र त्याच्यावर संशय घेणार, आणि प्रतिशब्दांनी सजवलं तर तेच यंत्र त्याला सोडून देणार. आकड्याने न्याय करायचा तर कुठल्या आकड्याने, हे कोणत्याही परिपत्रकात ठरलेलं नाही.

उरलेले प्रश्न बरेच आहेत. दहा टक्के ही मर्यादा विज्ञानाला, कायद्याला आणि साहित्याला एकच कशी? गृहपाठ नियमाबाहेर आहेत, मग पहिली सवय कोण मोडणार? २०२२ च्या नियमांनी पीएच.डी.पूर्वी निबंध छापण्याची सक्ती काढली. त्याने घाई कमी झाली की ती नुसती नोकरीच्या टप्प्यावर ढकलली गेली, याचं मत महाविद्यालयागणिक बदलतं. विभागाच्या आणि संस्थेच्या पातळीवर समित्या नेमायच्या असं २०१८ च्या नियमांतच आहे. त्या समितीने प्रबंध वाचायचा की अहवालाचं शेवटचं पान, याचा उल्लेख नाही.

एक जागा मात्र अजून यंत्राच्या हाती गेलेली नाही. प्रबंध इंग्रजीत असला तरी मौखिकीला बाहेरून आलेले परीक्षक कधी कधी चहा संपवता संपवता म्हणतात, "हे तिसरं प्रकरण जरा मराठीत सांगा बरं." काही उमेदवार तेव्हा खुर्ची पुढे ओढून मोकळं बोलू लागतात. काही प्रबंधाची पानं उलटत राहतात. मौखिकीच्या अहवालात या दोघांसाठी वेगळा रकाना नसतो.